हायकोर्टाची नेमणूक

नवरा गेल्यावर त्याच्या खात्यात नोकरी मिळवायला तिला तीन वर्षं लागली. तेवढ्या काळात मुख्य कार्यालयाच्या दुसऱ्या मजल्यावर तिने इतक्या खेपा घातल्या, की तिथला शिपाई तिला जिन्यात पाहूनच "साहेब नाहीत" म्हणायला लागला. साहेब आत बसलेले असले तरी म्हणायचा. या नोकरीला अनुकंपा म्हणतात. ऐकायला मऊ शब्द आहे. पण त्या मजल्यावर एका टेबलाकडून दुसऱ्या टेबलाकडे जाताना अनुकंपा म्हणावी असं काही तिला भेटलं नाही. "बाई, यादीत तुमच्यापुढे अजून माणसं आहेत, आणि तीही मेलेल्यांचीच आहेत," असं तिथला कारकून तिला अगदी शांतपणे म्हणाला होता. त्यात आपण काही वावगं बोललो असं त्याला वाटलं नव्हतं.

त्यातून दीर. भावाची जागा भावालाच मिळणार अशी त्याने परस्पर समजूत करून घेतली होती. चौकशीला गेला तेव्हा त्याच कारकुनाने त्याला विचारलं, "बायको जिवंत असताना भाऊ मध्येच कुठून आला?" दिराने ना-हरकतीच्या कागदावर सही केली ती पेनाचं टोक कागदात घुसवून. बाहेर व्हरांड्यात येऊन तिला म्हणाला, "भाऊ खाल्लास, आता त्याची नोकरी पण खा." त्यानंतर तो घरी फिरकला नाही. तेवढं एक बरं झालं, असं ती म्हणायची.

शेवटी हुकूम निघाला. पाणीपुरवठा खात्याचं मीटर दुरुस्तीचं वर्कशॉप, पद मदतनीस, पहिलं वर्ष तात्पुरतं, काम समाधानकारक असेल तर कायम. हुकूम हातात देताना साहेब पहिल्यांदाच हसले. "तुमच्या मिस्टरांच्याच वर्कशॉपला जागा होती, मुद्दाम तिथे दिली तुम्हाला. सगळी ओळखीची माणसं. घरच्यासारखं वाटेल."

खरं तर त्यातल्या एकाही माणसाला ती ओळखत नव्हती. नवऱ्याने कधी कोणाला घरी आणलं नव्हतं, कोणाचं नाव काढलं नव्हतं. तो घरी बोलतच नसे. मारझोड नाही, दारू नाही, बाहेरचं काही लफडं नाही. चारचौघांत गाऱ्हाणं सांगावं असं त्याच्यात काहीच नव्हतं, आणि हीच मोठी पंचाईत होती. संध्याकाळी आला की डबा ओट्यावर ठेवायचा, हातपाय धुवायचा आणि भिंतीकडे तोंड करून खाटेवर आडवा व्हायचा. काही विचारलं तर "हं". पुन्हा विचारलं तर तेही नाही. मुलगी लहान असताना त्याच्या पाठीवर चढायची. तो तिला उचलून पोतं ठेवावं तसा खाली ठेवायचा आणि परत कूस बदलायचा. पुढे मुलगी चढेनाशी झाली. बापाची चप्पल दारात वाजली की तिचा आवाज आपोआप खाली यायचा. शेजारीण कौतुकाने म्हणायची, "नशीबवान आहेस बाई, तुझ्या नवऱ्याचा आवाज कधी ऐकला नाही." आवाज तिनेही फारसा ऐकलेला नव्हता.

तो कामावरच गेला. दुपारी जेवताना छातीत कळ आली आणि खेळ खलास. खात्याच्या जीपमधून त्याला घरी आणलं, तेव्हा बरोबर आलेले पुरुष लहान मुलांसारखे रडत होते. तिला कळेना की ही माणसं एवढी कोणासाठी रडतायत. त्यातला एक उंच माणूस तिच्यासमोर येऊन म्हणाला होता, "हसता हसता गेला हो वहिनी." तिला वाटलं, यांची काहीतरी चूक होतेय. दुसऱ्याच कोणाबद्दल बोलतायत.

पहिल्या दिवशी ती डबा घेऊन वर्कशॉपला गेली. पत्र्याची लांबलचक शेड, एका टोकाला पोत्यांची रास, दुसऱ्या टोकाला तपासणीचा बेंच. गावभरातून काढून आणलेले बंद मीटर पोत्यांतून यायचे. ते उघडायचे, आतला पंखा आणि जाळी काढायची, पितळेचं अंग पातळ ॲसिडच्या टाकीत बुडवून क्षार सोडवायचे, ब्रशने घासायचं, धुवायचं आणि फिटरकडे द्यायचं. फिटर जुळवणार, मग मीटर ओळीने बेंचवर लावून त्यातून पाणी सोडणार, आणि काटा बरोबर फिरला तर तार ओवून शिशाचं सील ठोकणार. तिचं काम टाकीवरचं. तिथे आधीपासून एक म्हातारा मदतनीस होता, त्याला सगळे मामा म्हणायचे. कानाने कमी, त्यामुळे स्वतःही ओरडूनच बोलायचा.

बेंचच्या वर भिंतीवर तिच्या नवऱ्याचा फोटो होता. फोटोत तो दात दाखवून हसत होता. ती बघतच राहिली. इतके दात त्याला होते हेसुद्धा तिला नव्याने कळत होतं. फोटोखाली एक स्टूल रिकामं होतं. उभं राहून पाय दुखले होते म्हणून ती टेकायला गेली, तोच तो जीपबरोबर आलेला उंच फिटर, ज्याला लंबू म्हणायचे, मागून म्हणाला, "तिथे नाही. ती राजेंची जागा आहे."

"राजे कोण?" तिने विचारलं.

लंबूने सगळ्यांकडे पाहिलं. "घ्या. नवऱ्याला दुनिया काय म्हणते तेही यांना माहीत नाही."

मागे उभा असलेला फोरमन तेव्हा पहिल्यांदा बोलला. तिच्याशी नाही. जाडजूड, पांढऱ्या भुवयांचा, हातात नेहमी एक फडकं. तो लंबूला म्हणाला, "जपून रे बाबा. हायकोर्ट आलंय कामावर." लंबू हसला, मामालाही काय झालं ते न कळता हसू आलं. फोरमन मात्र हसला नाही. त्याने तिच्याकडे असं पाहिलं, जसं एखाद्या घाण पडलेल्या जागेकडे पाहून माणूस पाय बाजूला टाकतो.

हायकोर्ट म्हणजे आपणच, हे कळायला तिला आठवडा पुरला. राजेंनी, म्हणजे तिच्या नवऱ्याने, तिला वर्षानुवर्षं इथे रोज डब्याबरोबर उघडून वाढलं होतं. घरी हायकोर्ट बसलंय. हायकोर्टाने आज जेवणाला स्थगिती दिली. हायकोर्ट पगार मोजून घेतं आणि चहाला सुटे देतं. हायकोर्टाने चप्पल फेकली ती चुकवताना मी कपाटाखाली गेलो. कोणाच्या घरी लग्न निघालं, कोणाला रक्त द्यायचं होतं, कोणी रविवारी फिरायला चला म्हटलं, की राजे हात जोडायचे, "परवानगी नाही रे, काय करू." सगळे हसायचे, वर त्याची कीव करायचे. बिचारा. एवढा दिलदार माणूस आणि घरी ही बया.

लंबू या गोष्टी आता तिच्यासमोरच सांगायचा, मुद्दाम, ब्रशचा आवाज थांबला की. "वहिनी, ते कपाटाखालचं खरं का हो?"

"आमच्याकडे कपाट नव्हतं," ती म्हणाली. "अजून नाही."

"ऐकलंत? उलटतपासणी."

एकदा तो म्हणाला, की राजेंच्या गाण्याचा तुम्हाला राग म्हणून तुम्ही रेडिओ आपटलात. तिचा हात टाकीत तसाच राहिला. "ते गायचे?"

"गायचे? अहो, बेंचवर पाणी सोडलं की राजेंचं गाणं सुरू. काय गळा होता."

त्या संध्याकाळी तिने मुलीला सांगितलं, की तुझे बाबा कामावर गायचे म्हणे. मुलगी तोवर मोठी झाली होती, दहावीला होती. ती वहीवरून वर बघेना. पान उलटून म्हणाली, "मग आपण त्यांचं काय बिघडवलं होतं?"

मेलेल्या माणसाबद्दल वाईट बोलू नये म्हणून इतके दिवस ती गप्प होती, पण त्या रात्री ती ताटावरून अर्ध्यात उठली, इतका राग आला. माणूस घुमा असतो, ते तिने पचवलं होतं. घुमा नव्हताच, आपल्यापुरता घुमा होता, हे पचण्यासारखं नव्हतं.

वर्कशॉपमधले दिवस काही सुधारले नाहीत. बायकांसाठी वेगळा संडास नव्हता. मागच्या बाजूला एक कुलूपबंद होता, त्याची चावी लंबूकडे असायची. चावी मागितली की तो सगळे खिसे चाचपायचा आणि म्हणायचा, "घरी राहिली बहुतेक." मग ती रस्ता ओलांडून समोरच्या पोस्टात जायची. तिथल्या बाईने काही न विचारता दार दाखवलं, म्हणून निभावलं. तिला दिलेले रबरी हातमोजे बोटांवर फाटलेले होते. नवीन मागितले तर फोरमन मामाला म्हणाला, "मामा, त्यांना सांगा, स्टोअरला लिहिलंय." फोरमन तिच्याशी कधी सरळ बोलत नसे. ती समोर उभी असली तरी "मामा, त्यांना सांगा". आणि मामाला तर ऐकू यायचं नाही. तो "काय?" करायचा, फोरमन पुन्हा मोठ्याने सांगायचा, आणि ती मधे उभी राहून तेच दोनदा ऐकायची.

लंबूचं टोचणं तिला समजत होतं. तो माकडचाळे करणारा माणूस होता, कोणाचीही टिंगल करायचा. फोरमनचं तसं नव्हतं. त्याचा राग थंड होता आणि मुरलेला होता. वर्ष भरत आलं की कायम करायचं का नाही, ते त्याच्याच शेऱ्यावर ठरणार होतं. एके दिवशी नळाखाली हात धुताना तिने मामाला गाठलं आणि कानाशी तोंड नेऊन विचारलं, "मामा, मी फोरमनसाहेबांचं काय घोडं मारलंय?"

मामाने तिच्याकडे आश्चर्याने पाहिलं. "त्याच्या पोरीचं वर्ष घालवलंत की तुम्ही. आणि वर विचारता?" तो ओरडूनच बोलला. शेडमधला ठोकण्याचा आवाज थांबला.

मग मामाने सांगितलं. फोरमनची मुलगी दहावीला असताना त्याची बायको मोठ्या दुखण्याने इस्पितळात होती. फोरमन रात्री तिकडे. घर गावाबाहेर, परीक्षेची शाळा गावात, बसचा भरवसा नाही. राजे म्हणाले, पोरगी माझ्याकडे राहील, शाळा चालत जायच्या अंतरावर आहे. ठरलं. मुलगी पिशवी भरून आली, तर हायकोर्टाने दारातून हाकलली. पिशवी रस्त्यावर फेकली. पहिल्या पेपरला बस मिळाली नाही, पोरगी पोचली तोवर दार बंद झालेलं. "पुढे शिकलीच नाही," मामा म्हणाला. "आणि तिची आई तर पुढच्या महिन्यात गेली."

ती ओल्या हातांनीच आत गेली. फोरमन बेंचवर मीटर लावत होता. "साहेब," ती म्हणाली, "तुमची मुलगी आमच्याकडे राहायला येणार होती हे मला आज कळतंय. मला कोणी विचारलंच नव्हतं. विचारलं असतं तर मी नाही म्हटलं नसतं."

फोरमनने पान्याने आटा आवळला. मग तिच्याकडे न बघता, पण पहिल्यांदाच सरळ तिला म्हणाला, "त्याला जाऊन चार वर्षं होतील. मेलेल्या माणसावर ढकलू नका. लाज वाटू द्या."

सगळ्यांना पटलं होतं, की बाईने आता हद्द केली.

फोरमनची मुलगी बाजारात एका औषधांच्या दुकानात काउंटरवर असते, हे तिला मामाकडूनच कळलं. सुट्टीच्या दिवशी ती तिथे गेली. दुकानात गर्दी होती. काउंटरमागे बापासारख्याच जाड भुवयांची एक तरुण मुलगी चिठ्ठ्या वाचून खोके काढत होती. हिने आपण कोण ते सांगितलं. मुलीचे हात थांबले नाहीत.

"इथे कशाला आलात?"

"एक विचारायचं होतं. तू त्या वेळी पिशवी घेऊन आलीस, तेव्हा मला पाहिलंस का?"

"तुम्हाला आजच पाहतेय," मुलगी म्हणाली. एका गिऱ्हाइकाला औषध कसं घ्यायचं ते तिने सांगितलं, मग परत हिच्याकडे वळली. "तुम्ही होतातच कुठे घरी? मी आले तर दाराला कुलूप. तुमची शेजारीण म्हणाली, बहिणीच्या बाळंतपणाला गेल्यात, मुलीला घेऊन, महिन्याने येतील. मी गल्लीच्या टोकाशी येऊन बसले. मग काका कामावरून आले. मला बघून त्यांचा चेहराच पडला. मला तिथेच थांबवून घरी जाऊन आले आणि म्हणाले, काकू आत थयथयाट करतेय, तू जा बाळ. मी दाराचं कुलूप आधीच बघितलेलं होतं. त्यांना ते माहीत नव्हतं."

"पिशवी रस्त्यावर फेकली म्हणे."

"कोणी नाही फेकली. माझ्या खांद्यालाच होती. ते नंतर जोडलेलं असेल."

ती बहिणीचं बाळंतपण विसरली नव्हती. पुतळ्यासारख्या नवऱ्यापासून सुटून महिनाभर माणसांत राहिली होती ती. तो महिना तिच्या चांगल्या दिवसांपैकी होता. आणि त्याच दिवसांत इकडे तिच्या नावाने हे चाललं होतं.

"हे वडिलांना सांगितलं नाहीस?"

मुलीने आता खोके खाली ठेवले. "सांगितलं. त्याच संध्याकाळी, इस्पितळाच्या जिन्यात. कुलपाचंही सांगितलं. त्यांना पहिल्यापासून माहीत आहे सगळं." तिने पुढची चिठ्ठी उचलली. "तुम्हाला वाटत असेल मी तुमच्या बाजूने बोलतेय. तसं काही नाही. तुमच्या घरामुळेच माझं वर्ष गेलं, मग ते तुम्ही केलंत काय आणि त्यांनी केलं काय. आता जरा बाजूला व्हा, मागे लोक उभे आहेत."

परत जाताना तिला नवरा पहिल्यांदा नीट कळला. त्याने फोरमनच्या मुलीला घरात का घेतलं नाही, याचं कोडं राहिलं नाही. ती पोरगी पंधरा दिवस घरात राहिली असती, तर तिने राजेंना भिंतीकडे तोंड करून पडलेलं पाहिलं असतं. आणि घरी जाऊन बापाला सांगितलं असतं. एका पोरीचं वर्ष गेलं तरी चालेल, पण राजेंचा डबा उघडा पडता कामा नये. हे कळून तिला हलकं वाटलं नाही. उलट तो जिवंत असता तर त्याला विचारता आलं असतं, याची चीड आली. मरूनही तो सुटला होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती नेहमीपेक्षा लवकर गेली. फोरमन एकटाच शेड उघडून बसला होता. ती टाकीकडे न जाता सरळ बेंचकडे गेली आणि फोटोखालचं ते स्टूल ओढून त्यावर बसली.

"उठा तिथून," फोरमन म्हणाला.

"तुमच्या मुलीला भेटून आले काल. तुम्हाला कुलपाचं माहीत होतं."

फोरमनने हातातलं फडकं घडी करायला घेतलं. घडी केली, परत उलगडली. बाहेर पाण्याचा टँकर मागे येत होता, त्याची घंटी वाजत होती. ती थांबली.

"होतं," तो म्हणाला.

"मग?"

"मग काय करायचं होतं मी? दुसऱ्या दिवशी आला, खांद्यावर हात ठेवला, म्हणाला, काय करू रे, घरी हायकोर्ट आहे. डोळ्यांत पाणी काढलं. मला समोर दिसत होतं, खोटं बोलतोय. त्याला तिथेच धरायला हवा होता. धरला असता तर पुढे काय? वीस वर्षं एका डब्यात जेवलेलो आम्ही. घरी बायको जायला टेकलेली, पोरगी तोंड फिरवून बसलेली. हसू येईल अशी तेवढी एकच जागा होती मला. त्याच्याशी भांडलो असतो तर दुपारी कोणाबरोबर बसलो असतो?"

"म्हणून माझ्यावर काढलंत."

"तुम्ही होता कोण?" फोरमनचा आवाज चढला. "मी तुम्हाला कधी पाहिलंही नव्हतं. तुमच्यावर राग धरायला मला काही खर्च नव्हता. पोरीचं वर्ष गेलं त्याचा राग कुठेतरी ठेवायला नको का माणसाने? ठेवला. पुढे पुढे मलाच खरं वाटायला लागलं. आणि मग तुम्ही प्रत्यक्ष येऊन उभ्या राहिलात. डबा घेऊन."

"आता पाहिलंत ना?"

"पाहिलं म्हणूनच सांगतो. तुमचा शेरा मी चांगला देतो. साहेबांशी बोलून बदलीही करून देतो. पंपावर द्या म्हणतो, तिथे काम हलकं आहे, दोन बायका आहेत, संडास आहे. तुम्ही जा इथून. मला रोज तुमचं तोंड बघायला लावू नका."

तिच्या मनात आलं, की पंप खरंच बरा. रस्ता ओलांडून पोस्टात जायला नको. फाटके हातमोजे नकोत. क्षणभर तिने तो विचारही केला. पण तिने मान हलवली.

"शेरा जो खरा असेल तो द्या. माझं काम तुम्ही बघितलंय. बदली मला नको. तुम्ही जे मला सांगितलंत ते त्या लंबूला आणि मामाला सांगा. मग बघू."

"ते मी सांगणार नाही."

"मग मी इथेच आहे. इथे बसणार आणि तुमच्यासमोर जेवणार. चावी मला द्या."

"कसली चावी?"

"संडासाची."

फोरमनने लंबू यायची वाट पाहिली नाही. स्वतःच्या किल्ल्यांच्या कडीतून एक चावी काढून त्याने बेंचवर टाकली. म्हणजे दुसरी चावी त्याच्याकडे होतीच, रोज. ती चावी उचलताना तिला आधीच्या सगळ्या गोष्टींपेक्षा हिचाच राग जास्त आला.

लंबू आला तेव्हा स्टूल बघून त्याने तोंड उघडलं. फोरमन म्हणाला, "बसू दे." एवढंच म्हणाला. लंबूने तिच्याकडे आणि फोरमनकडे दोनदा पाहिलं आणि कामाला लागला.

शेरा समाधानकारक आला. ती कायम झाली. हुकूम घ्यायला दुसऱ्या मजल्यावर गेली, तेव्हा शिपायाने साहेब नाहीत म्हणायला तोंड उघडलं आणि ती त्याच्या बाजूने आत निघून गेली. लंबूने पुढेही गोष्टी सांगून पाहिल्या, पण फोरमन त्याला कामाचं बघायला सांगायचा. फोरमनलाच त्या नकोत म्हटल्यावर सांगण्यात राम उरला नाही. त्या आपोआप बंद पडल्या. त्याबरोबर शेडमधलं बोलणंही कमी झालं. दुपारी ती फोरमनच्या समोर बसून जेवायची. दोन-तीन महिने त्याने ते सोसलं. मग तो डबा घेऊन फाटकाबाहेरच्या कट्ट्यावर जाऊन बसायला लागला, उन्हात, एकटा. ती त्याला आत बोलवायला गेली नाही. मामा एकदा तिला म्हणाला, "म्हातारा माणूस आहे, ऊन लागतं." ती म्हणाली, "छत्री आणू दे."

मामा निवृत्त झाला तसं तिने जुळवणीचं काम शिकायला घेतलं. लंबूने शिकवताना कुरकुर केली, पण शिकवलं. आता तो तिला वहिनी म्हणत नव्हता, तिनेच बंद करवलं होतं. वहिनी कोणाच्या तरी नात्याने असते, तो माणूस आता इथे नाही, असं तिने त्याला सांगितलं होतं. लंबूला काय म्हणावं ते सुचेना, म्हणून तो काहीच म्हणत नसे, नुसता "अहो" म्हणायचा. घरी मुलगी मोठ्या आवाजात बोलायला लागली होती, रेडिओ लावायची, शेजारीण भिंतीवर थापा मारायची. ती मुलीला ओरडायची, पण रेडिओ बंद कर म्हणून सांगत नसे.

फोरमन निवृत्त झाला त्या दिवशी खात्याने चहापान ठेवलं. साहेब आले, दोन शब्द बोलले, मग फोरमनला बोलायला सांगितलं. तो बराच वेळ राजेंबद्दल बोलला. त्यांचं गाणं, त्यांचा स्वभाव. ती मागे भिंतीला टेकून उभी होती. तो कुलपाबद्दल बोलेल असं तिला वाटत होतं. शेवटपर्यंत वाटत होतं. तो बोलला नाही. एकदा त्याची नजर तिच्यापर्यंत आली आणि पुढे सरकली.

सगळे पांगल्यावर तो पिशवी घेऊन तिच्यासमोर आला.

"चलतो," तो म्हणाला.

"बरं," ती म्हणाली.

तो आणखी जरा उभा राहिला. बेंचवर ओळीने मीटर लावून ठेवलेले होते, सकाळपासून ते तसेच पडले होते. तिने लंबूला हाक मारली, "पाणी सोडा हो, किती वेळ खोळंबायचं?" आणि पहिल्या काट्यावर नजर लावली.